मुद्दाम चुकायची परीक्षा

“पहिल्या दिवशी हुशारी घरी ठेवून यायची, पोरा. कपाटात, चर्चला जायच्या सुटाशेजारी.”

हॉलिस ग्राइम्सचा तो आवाज. काकवी भांड्याच्या काठावरून ओघळावी तसा संथ, जड, गोड. इझेल बोडेनच्या कानावर तो पहिल्यांदा पडला तेव्हा इझेल अमेरिकन फुटबॉलच्या संघात नवाच होता; जॉर्जियाची लाल माती त्याच्या बुटांच्या शिवणीतून अजून निघाली नव्हती. हॉलिस बाकावर बसून घोट्यांना पट्टी गुंडाळत होता, आणि पट्टीच्या एकेका वेढ्याबरोबर एकेक वाक्य सोडत होता. ऑगस्टमध्ये, मोसम सुरू व्हायच्या आधी, डॉक्टर सगळ्यांना संगणकाच्या पडद्यासमोर बसवतात. शब्द दाखवतात, आकृत्या दाखवतात, मग थोड्या वेळाने विचारतात, काय काय आठवतं. जेवढं आठवेल ती तुझी पातळी. पुढं खेळताना डोक्याला मार बसला की पुन्हा तीच परीक्षा. पातळीच्या खाली गेलास की बाकावर.

“म्हणून पातळीच खाली ठेवायची. आधीच खाली बसून राहिलास, तर हा खाली आला असं कोण म्हणेल?”

“आणि डॉक्टरांना कळलं तर?”

“डॉक्टरांना काय कळायचंय? उलटं पळून पोट भरणारी माणसं आपण. आपल्याकडून हुशारीची अपेक्षा करणारा तोच वेडा.”

खोलीतले सगळे हसले होते. इझेलही हसला होता.

उलटं पळणं, हे मात्र खरं होतं. बाकीची माणसं चेंडूकडे धावतात. इझेलसारखा सेफ्टी, म्हणजे बचावातला अगदी शेवटचा माणूस, चेंडूकडे तोंड ठेवून मागे मागे धावतो. समोरचा झेपावत येणार, तो कुठे वळणार हे त्याच्या कंबरेवरून ओळखायचं, आणि मागचं मैदान पाठीनंच बघायचं. इझेलला ते गावातच जमलं होतं. अक्रोडासारखी फळं देणाऱ्या पिकानच्या झाडांखाली पोरं उलटं पळायची शर्यत लावत, आणि बाजूला उभ्या पोरी टाळ्यांवर म्हणत:

*मागं मागं जा रे गड्या, पुढं डोळा ठेव,
पाठीमागं काय आहे, जाणे एक देव.*

पाठीमागं काय आहे याची इझेलला कधी भीती वाटली नाही. अकरा मोसम वाटली नाही. हा बारावा.

ऑगस्टची ती सकाळ तलावावरून आलेल्या ओलसर वाऱ्याची होती. परीक्षेच्या खोलीबाहेर पोरं भिंतीला टेकून रांगेत उभी होती. त्यात जव्हारिस टल होता, मोबिल गावचा, कुणीच निवडला नव्हता म्हणून नुसत्या चाचणीवर आलेला. पायांत वारा होता त्याच्या. कपड्यांच्या कपाटावर इतरांची पितळी पाटी; त्याचं नाव चिकटपट्टीवर, शाईनं. ओढली की निघाली.

“काका, ऐक ना.”

“काका कुणाला म्हणतोस?”

“ज्याचा गुडघा जिन्यावर कुरकुरला की वरच्या मजल्यावरचे लोक दार उघडतात, त्याला.” रांगेत हशा पिकला. जव्हारिस जवळ सरकला, आवाज उतरवला. “ही परीक्षा. लोक काय काय सांगतात. तू काय करतोस?”

इझेलनं त्याच्याकडे पाहिलं. गालावर अजून पोरवयाची लव होती. आणि इझेलच्या तोंडून हॉलिसची काकवी आपोआप ओघळली. “पहिल्या दिवशी हुशारी घरी ठेवून यायची. कपाटात, चर्चच्या सुटाशेजारी.”

“माझ्याकडे सूट नाही.”

“मग तुझं काम आणखी सोपं. फार नाही चुकायचं, कळलं का? सगळंच चुकलास तर पुन्हा बसवतात. शब्द नीट लक्षात ठेव, आणि मग त्यातले थोडे सोडून दे. हातात धरून ठेवलेले सोडायचे.”

“हातात धरून सोडायचे,” जव्हारिसनं मंत्रासारखं म्हटलं.

इझेलचा नंबर आला. खोली थंडगार, खुर्ची तीच, पडदा तोच. शब्द येऊ लागले, एकामागून एक, पांढऱ्यावर काळे. इझेल दरवर्षी त्यांची एक कहाणी रचत असे. झाड आलं की त्याला पिकानचं करायचं, खुर्ची आली की ती झाडाखाली मांडायची, पक्षी आला की फांदीवर बसवायचा. मग त्या कहाणीतून एकदोन पात्रं हळूच बाहेर काढायची. याही वर्षी त्यानं झाड लावलं. खुर्ची मांडली. मग आकृत्या आल्या, रंग आले, बटणं दाबून झाली, आणि पडद्यानं विचारलं, मघाचे शब्द कुठले?

इझेल झाडाखाली गेला. खुर्ची नव्हती. पक्षी होता की नव्हता? झाडावर काही बसलं होतं खरं, पण ते काय? तो थांबला. सोडून द्यायचे शब्द शोधायला त्यानं मूठ उघडली, तर मूठ रिकामीच. त्याच्या कानशिलांवर घाम फुटला. मग त्यानं लबाडी बाजूला ठेवली आणि उरलेली सगळी परीक्षा जीव तोडून, प्रामाणिकपणे दिली. शाळेतही कधी दिली नव्हती तशी.

दाराशी डॉक्टर हॉलव्हर्सन उभ्या होत्या, उंच, करड्या केसांच्या, हातात कॉफीचा पेला. हातातल्या छोट्या पडद्याकडे बघून हसल्या.

“गेल्या वर्षीइतकेच, इझेल. जवळपास तसाच आकडा. तू म्हणजे घड्याळ आहेस.”

“हो, मॅम,” इझेल म्हणाला. इतकी वर्षं तो एका विसराळू माणसाचं सोंग आणत आला होता, आणि आज सोंग काढायला गेला तर खाली तोच चेहरा.

हे कुणाला सांगायचं? ज्या मोजपट्टीनं कळलं असतं ती त्यानंच, वर्षानुवर्षं, हातानं वाकवून ठेवली होती. हॉलिसला फोन करावा असं मनात आलं. पण दोन वर्षं झाली, हॉलिसचा फोन त्याची बायकोच उचलत होती. “आज जरा थकलाय रे तो,” ती म्हणायची, आणि तिच्यामागे कुणीतरी एकच दार उघडत, लावत, उघडत असायचं.

त्या आठवड्यात घरी कोरीननं भेंडी आणि मक्याचा पाव केला होता. जेवताना इझेलनं तिला हॉलिसची गंमत सांगितली, विमानात झोपलेल्या कोचच्या बुटांत त्यानं साखर ओतली होती ती. कोरीन मनापासून हसली. साखर बुटातून सांडली तिथे तर टेबलावर हात आपटून हसली. भांडी आवरताना इझेलला पुन्हा काही आठवलं, आणि तो म्हणाला, “तुला सांगितलं का, हॉलिसनं एकदा विमानात काय केलं?” कोरीन ओट्याशी पाठमोरी होती. तिनं नळ बंद केला. वळली, हात पुसले, आणि ऐकू लागली. साखर बुटातून सांडली तिथे ती हसली. तेवढंच, तसंच.

इझेलनं पाहिलं, हसताना तिचे डोळे त्याच्या तोंडावरून हलत नव्हते. मग त्याला कळलं की ही गोष्ट आत्ताच होऊन गेली. बाहेर हंस तलावावरून दक्षिणेकडे चालले होते, घोगरे, घाईचे, आणि दोघं खिडकीतून त्यांनाच बघत राहिले.

मोसम सुरू झाला. इझेलनं युक्त्या शोधल्या. घरून मैदानाकडे जाताना तो नेहमी कुणाच्या तरी गाडीमागे जाई. बैठकीत कोचनं काही विचारलं की तो जव्हारिसकडे बोट दाखवी, “पोराला सांगू दे, शिकू दे त्याला,” आणि सगळे म्हणत, बघा, म्हातारा किती जीव लावून शिकवतो. पाय अजून ठीक होते. डोळे ठीक होते. फक्त मधूनच आत कुठेतरी एक दिवा विझे, आणि परत लागला की खोली जरा वेगळी मांडलेली असे.

शेवटच्या माणसाचं एक काम ओरडण्याचं असतं. गर्दीच्या गोंगाटात ओरडणं पोचत नाही म्हणून हाताच्या खुणा. त्या वर्षी नवा कोच आला होता, आणि त्यानं खुणा फिरवल्या होत्या. गेल्या वर्षी बंद मुठीचा अर्थ होता, चेंडूवर मी जातो, तू मागे थांब. या वर्षी बंद मूठ म्हणजे, तू जा, मी मागे थांबतो. उन्हाळाभर हाच सराव झाला होता. इझेलनंच जव्हारिसकडून तो घोकून घेतला होता.

ऑक्टोबरातला तो रविवार. घरचं मैदान, राखाडी आभाळ, वारा असा की चेंडू हवेत लटपटत होता. समोरचे जमले. इझेल मागे उभा, त्यानं त्यांच्या कंबरा वाचल्या, आणि त्याला चेंडू कुठे येणार ते लख्ख दिसलं. फार दिवसांनी असं लख्ख दिसलं. त्यानं बंद मूठ उंचावली: मी जातो. आणि निघाला.

जव्हारिसनं मूठ पाहिली: तू जा. तोही निघाला.

दोघांचे डोळे चेंडूवर होते. हवेतच आपटले. लाकडावर लाकूड आपटावं तसा आवाज झाला, आणि गोंगाटानं भरलेलं ते मैदान एका श्वासात रिकामं झालं. इझेल गुडघ्यांवर उठला. जव्हारिस उताणा पडला होता, एक हात ताठ वर, बोटं हवेत काहीतरी धरू बघत होती. मग हात खाली आला. मग त्यानं डोळे उघडले, आणि हसला.

“काका,” तो म्हणाला, “तू एवढा जड असशील असं वाटलं नव्हतं.”

लोकांनी टाळ्या वाजवल्या. पोरगं चालत बाहेर गेलं.

दुसऱ्या दिवशी खेळाचं चित्रीकरण बघायला सगळे अंधाऱ्या खोलीत बसले. कोचनं तो क्षण थांबवला. दोन माणसं हवेत, मध्ये वीतभर अंतर.

“टल. तुझी जागा कुठली?”

कोचच्या हाताखालचं चित्र जरा मागे गेलं असतं तर मूठ दिसली असती. थांबवलेल्या चित्रात ती एका खांद्याआड गेली होती.

“माझंच चुकलं, कोच,” जव्हारिस म्हणाला. “खूण नीट वाचली नाही.” त्यानं काळा चष्मा घातला होता. त्या अंधाऱ्या खोलीत.

बाहेर बोळात इझेलनं त्याला गाठलं. “चूक माझी होती.”

“माहीत आहे मला.”

“मग बोलला का नाहीस?”

“काकाला कोण बोलतं?” जव्हारिस हसला, पण हसण्याच्या टोकाला त्याचा चेहरा आवळला, वीज डोळ्यांवर पडावी तसा. इझेलनं त्याचा चष्मा खाली ओढला. एका डोळ्याची बाहुली जरा मोठी होती, दुसरी लहान.

“डॉक्टरांकडे चल.”

“जाणारच आहे, उद्या परीक्षा आहे. आणि पास होणार, तुझी कृपा.” मग त्यानं इझेलची बाही धरली. “काका, तू मध्ये काही बोलू नकोस. माझ्या नावाची पाटी नाही अजून, पट्टी आहे. एक रविवार बसलो, की तिथं दुसऱ्याचं नाव. आईला सांगितलंय मी, या वेळी टीव्हीवर दिसेन म्हणून. तिनं शेजारणी बोलावल्यात.”

इझेलनं मान डोलावली. स्वतःची एवढी मोठी गोष्ट तो गिळून बसला होता. ही लहानशी गिळायला काय जड.

जव्हारिस पास झाला. ऑगस्टमध्ये होता तेवढाच होता. डॉक्टर हॉलव्हर्सननी त्याच्या डोळ्यांत दिवा धरला, चालायला लावलं, वाकायला लावलं, आणि त्यानं दात आवळून सगळं केलं. तोवर बाहुल्याही सारख्या झाल्या होत्या. सराव सुरू झाला. इझेल त्याच्याकडे बघत राहिला, पाठीनं बघावं तसा. पोरगं बुटाची नाडी बांधायला बसे आणि नाडीकडे जरा जास्त वेळ बघे. रांगेत उभं राहताना एक हात भिंतीला. कुणाच्या ते ध्यानात आलं नाही. ज्याच्या घरात चोर शिरलाय त्यालाच दुसऱ्याच्या घरातली चाहूल ऐकू येते, तसं इझेलचं झालं.

शनिवारी दुपारी संघ परगावी निघाला. या संघात रीत अशी, की नवख्यानं विमानात जुन्यांसाठी तळलेली कोंबडी आणायची. गरम आणायची, पुरेशी आणायची, नाहीतर परतीच्या प्रवासात उभं राहायचं. जव्हारिस आला, दोन्ही हातांत खोकी, तेलाचे डाग पडलेली, अंगाला मसाल्याचा वास.

“कमी तर नाही ना पडणार, टल?” मागून कुणी ओरडलं.

“तुझ्या एकट्यापायी कमी पडली तर मी काय करू? वजनकाटाही तुला बघून रजा टाकतो.”

हसणं, खोकी उघडणं, बोटं चाटणं. इझेलनं एक तंगडी घेतली आणि नुसती धरून ठेवली. दार लावायला अजून अवकाश होता. जव्हारिस शेजारच्या खुर्चीत बसला, डोळे मिटले, उघडले, आणि एकदम दचकून उठला.

“बापरे, काका. कोंबडी.”

“काय?”

“कोंबडी राहिली. मला मारतील हे.” आणि तो सुटलाच. मधल्या वाटेतून, जिन्यावरून खाली, विमानतळाच्या फरशीवरून, फाटकाबाहेरच्या कोंबडीच्या दुकानाकडे. इझेलनं त्याला गोल काचेतून बघितलं: डोकं खाली, कोट वाऱ्यावर, कर्तव्याला चुकलेल्या भल्या पोरासारखा पळताना.

तो धापा टाकत परत आला तेव्हा त्याच्या हातांत पुन्हा खोकी होती. त्याच दुकानाची, तशीच तेलाच्या डागांची. “माफ करा, माफ करा, गरम आहे अजून,” म्हणत तो वाटत सुटला. एक क्षण कुणाला काही सुचेना. मग सगळं विमान हास्यानं फुटलं.

“अरे वा, याला म्हणतात नवखा.”

“याला कायमचा ठेवून घ्या, कोच. पाटी लावा पोराच्या नावाची.”

टाळ्या झाल्या. कुणी त्याच्या पाठीवर थाप मारली. जव्हारिस सगळ्यांबरोबर हसला. आधी हसला, आणि मग लोकांच्या मांडीवरची अर्धी खाल्लेली कोंबडी त्याला दिसली. तो बघत राहिला. त्याचं हसू जागच्या जागी राहिलं, पण आतला माणूस हसण्यामागून मागे मागे जाऊ लागला. इझेलला ते चालणं ओळखीचं होतं.

तो खाली बसला. “काका,” अगदी हळू म्हणाला, “मी आधी आणली होती का?”

आता विनोद करता आला असता. नाही म्हणता आलं असतं. इझेलला ओट्याशी हात पुसणारी कोरीन दिसली, ठरल्या जागी हसणारी.

“हो,” तो म्हणाला. “आणली होतीस.”

“उद्या झोपून बरं वाटेल मला.”

“उद्या समोरच्या संघाचा एक धिप्पाड गडी तुझ्याच अंगावर येणार आहे, जव्हारिस.”

“तू शब्द दिलास.”

“दिला.”

इझेल उठला. गुडघा कुरकुरला. पुढच्या रांगांत कोच, डॉक्टर, साहेब लोक बसतात. मधला पडदा ओलांडून खेळाडू सहसा जात नाही. मागून जव्हारिसनं हाक मारली, “काका,” एकदा, मग पुन्हा, जरा मोठ्यानं, आणि त्या हाकेत शेजारणी होत्या, टीव्ही होता, चिकटपट्टीवरचं नाव होतं. इझेल थांबला नाही. कित्येक वर्षांत पहिल्यांदाच तो सरळ पुढे तोंड करून कुठेतरी चालला होता, आणि हेच चालणं त्याला उलटं वाटत होतं.

डॉक्टर हॉलव्हर्सन कागदी रुमालानं बोटं पुसत होत्या. त्यांच्याही पुढ्यात त्या पोराची कोंबडी.

“तुझा नवखा फार गोड आहे,” त्या म्हणाल्या. “दोनदा आणली म्हणे.”

“त्याला खेळवू नका उद्या.”

“का? निकाल स्वच्छ आहे त्याचा. ऑगस्टइतकाच.”

“ऑगस्टचा खोटा आहे. त्यानं मुद्दाम चुकवलं होतं. कसं चुकवायचं ते मी शिकवलं, दाराबाहेर, तुमच्यापासून चार हातांवर. आणि त्या रविवारची खूणही मी चुकीची केली, त्यानं नाही. तो मघाशी दोनदा गंमत म्हणून गेला नव्हता, डॉक्टर. पहिली खेप त्याला आठवतच नाही.”

हॉलव्हर्सननी रुमाल खाली ठेवला. पलीकडे कोचनं मान वळवली होती. विमानाचं दार बंद झालं आणि कानात दडे बसले.

“आणि तू?” त्यांनी विचारलं. “तूही दरवर्षी मुद्दामच?”

“दरवर्षी.”

“म्हणजे तुझेही सगळे आकडे खोटे.”

इझेलनं खुर्चीची पाठ धरली. मागे हशा अजून चालला होता. शब्द आले, त्याच्या स्वतःच्या आवाजात, हॉलिसच्या नव्हे.

“सगळे नाहीत, मॅम,” तो म्हणाला. “या वर्षी मी मुद्दाम चुकलो नव्हतो.”